बोटाचा सातबारा



ज्वारीची काढणी आटोपत आली, कडब्याच्या गंजी लागल्या आणि गोठ्यापाशी कडबा कुट्टीचे यंत्र पुन्हा घरघरू लागले. या दिवसांत मी कोणत्याही गावी गेलो की माझी नजर पिकाआधी माणसांच्या हातांकडे जाते. पारावर बसलेल्यांत एखाद्याचे तरी बोट पेराइतके आखूड दिसते, एखाद्याचे नख दुभंगून उगवलेले दिसते. विचारले तर उत्तर ठरलेले, "काही नाही साहेब, जरा यंत्रात गेलं होतं."

त्या "जरा"बद्दल आज बोलायचे आहे. बोट कसे जपावे हे आपण एकमेकांना सांगतो. पण बोटाला इजा झाल्यावर दवाखान्याच्या कागदावर काय लिहिले जाते, याकडे आपले लक्ष नसते. डॉक्टर काही तरी लिहितात, आपण घडी घालून खिशात टाकतो. पुढे त्या कागदावर माणसाचा हक्क अडकतो. हे मी माझ्याच चुकीतून शिकलो, म्हणून ती चूक आधी सांगतो.

सोळा-सतरा वर्षे झाली. एका गावी मी एका शेतकऱ्याच्या वस्तीवर बसलो होतो. चहा ठेवला होता. गोठ्यात त्यांचा सालगडी मोटारीवरच्या कुट्टीत ओला मका सारत होता. एकाएकी मोटारीचा आवाज बदलला आणि मागोमाग त्याची हाक आली. धावलो. उजव्या हाताच्या तर्जनीचे टोक गेले होते. मालक भला माणूस. त्याने स्वतःच्या धोतराचा सोगा फाडून हाताला गुंडाळला, मोटारसायकल काढली, मी गड्याला धरून मागे बसलो.

वाटेत मालक घाबरून म्हणाला, "साहेब, यंत्राचं सांगितलं तर पोलिसांचं लचांड लागंल का?" आणि मी, बी.एस्सी. ॲग्री झालेला सरकारी माणूस, म्हणालो, "कशाला ती भानगड? पडला म्हणून सांगू."

डॉक्टरांनी विचारले, आम्ही सांगितले. चिठ्ठीवर लिहिले गेले : उजव्या हाताला जखम, पडल्यामुळे. मलमपट्टी केली. धनुर्वाताचे इंजेक्शन दिले. कोणते बोट, किती पेर, नख गेले की हाडही गेले, काहीच नाही. एक्स-रे काढला नाही.

बोट भरून यायला दोन महिने लागले. भरले, पण टोक इतके हुळहुळे की विळ्याची मूठ धरवेना, म्हशीची धार काढवेना. साल संपल्यावर गड्याने नुकसानभरपाईची गोष्ट काढली. बैठक बसली. मालकाच्या थोरल्या भावाने ती चिठ्ठी पुढे ठेवली. "कागद काय म्हणतो? पडला. मग यंत्राचा काय संबंध?" मी तिथे होतो. मी खरे ते सांगितले. पण तो कागदही माझ्याच तोंडचा होता. माझ्या आजच्या बोलण्याला माझेच कालचे बोलणे आडवे आले. चार माणसांनी मिळून थोडी रक्कम ठरवली आणि मिटवले. उठताना तो गडी मला म्हणाला, "साहेब, कागद म्हनतो मी पडलो. तर पडलोच आसंन मी."

त्यात राग नव्हता. म्हणूनच ते वाक्य अजून माझ्या मनातून जात नाही.

आता कागदाचे शास्त्र पाहू. कठीण नाही, आपला सातबारा ज्याला वाचता येतो त्याला हेही कळेल.

दवाखान्यात डॉक्टर जे निदान लिहितात, त्याला मोठ्या रुग्णालयांत आणि विम्याच्या कामात एक आकडा दिला जातो. रोगांच्या आणि इजांच्या या यादीचे मूळ १८९३ सालचे. जाक बर्तियों नावाच्या फ्रेंच संख्याशास्त्रज्ञाने मृत्यूच्या कारणांची यादी मांडली, तिच्यावरून पुढच्या याद्या वाढत गेल्या. आता हे काम जागतिक आरोग्य संघटना पाहते. दहावी आवृत्ती १९९० साली मंजूर झाली आणि तीच आपल्याकडे रुळली. अकरावी १ जानेवारी २०२२ पासून लागू झाली, तिचे आकडे वेगळे आहेत. मी खाली देतो ते दहावीतले.

जसा जिल्हा, तालुका, गाव, गट नंबर आणि मग हिस्सा, तसाच हा आकडा. "एस" या अक्षराखाली अंगाच्या निरनिराळ्या भागांच्या इजा. त्यात एस ६० पासून एस ६९ पर्यंतचा शिवार मनगट आणि हाताचा. टिंबानंतरचा आकडा म्हणजे हिस्सा. बोट ठेचले पण नख शाबूत, तर एस ६०.०; ठेचून नखालाही इजा झाली, तर एस ६०.१. बोटाला उघडी जखम पण नख शाबूत, तर एस ६१.०, जखमेत नखही सापडले, तर एस ६१.१. अंगठ्याचे हाड मोडले तर एस ६२.५, दुसऱ्या बोटाचे मोडले तर एस ६२.६. बोट चेंगरले तर एस ६७.०. अंगठा तुटला, पूर्ण किंवा अर्धवट, तर एस ६८.०, दुसरे एखादे बोट तुटले तर एस ६८.१, दोन किंवा जास्त बोटे तुटली तर एस ६८.२.

पाहा, नखासाठीसुद्धा वेगळा हिस्सा आहे! आपण ज्याला "जरा" म्हणतो त्याची नोंद करायला जगाने जागा ठेवली आहे.

इजा कशाने झाली यासाठी आणखी एक आकडा असतो. शेतीच्या यंत्राने झाली तर डब्ल्यू ३०. कुदळ-फावड्यासारख्या हाताच्या अवजाराने झाली तर डब्ल्यू २७. दारात किंवा दोन वस्तूंमध्ये बोट सापडले तर डब्ल्यू २३.

आणि कागदावर नुसते "हाताला जखम" असेल तर? त्यासाठी एस ६९.९ आहे. त्याचा अर्थ, मनगट किंवा हात, इजा कोणती ते सांगितलेले नाही. गावात जशी कुणाच्याच नावावर नसलेली पडीक जागा असते, तशी ही जागा. आकडा देणारा कारकून जखम पाहत नाही, तो फक्त कागद पाहतो. कागदावर तर्जनी नसेल तर त्याच्यापुरती तर्जनीला इजा झालेलीच नाही.

यात पैशाचा प्रश्न कुठे येतो, तेही सांगतो. कामावर इजा झालेल्या मजुराच्या भरपाईसाठी १९२३ साली जो कायदा झाला, त्यात एक तक्ता होता. कोणता अवयव गेला म्हणजे कमावण्याची ताकद शेकडा किती गेली असे धरायचे, हे त्यात दिले होते. तोच तक्ता पुढे २०२० च्या सामाजिक सुरक्षा संहितेत घेतला आहे. आणि ध्यानात ठेवा, ट्रॅक्टरवर किंवा विजेवर-इंजिनावर चालणाऱ्या यंत्रावर शेतीकाम करणारा मजूर त्या जुन्या कायद्याच्या यादीतही होता. कारखान्यातल्याच कामगाराला भरपाई असते, हा आपला समज खोटा आहे.

तक्ता असा. पूर्ण अंगठा गेला तर शेकडा ३०, अंगठ्याचे शेवटचे पेर गेले तर २०. तर्जनी पूर्ण गेली तर १४, दोन पेरे गेली तर ११, एक पेर गेले तर ९, आणि हाड न जाता नुसते टोक गेले तर ५. मधल्या बोटाला हेच आकडे १२, ९, ७ आणि ४. अनामिका किंवा करंगळीला ७, ६, ५ आणि २. एका हाताची दोन बोटे गेली तर २०, तीन गेली तर ३०, चारही गेली तर ५०. या टक्क्यावर, मजुराच्या वेतनावर आणि वयावर रक्कम ठरते.

आता माझ्या त्या गड्याचा विचार करा. तर्जनीचे हाडासकट पेर गेले तर ९, नुसते टोक गेले तर ५. जवळजवळ दुपटीचा फरक! तो फरक एका एक्स-रेवर आणि डॉक्टरांच्या एका ओळीवर होता. ती ओळ आम्ही लिहूनच घेतली नाही. आणि "यंत्रात" या एका शब्दाऐवजी "पडला" हा शब्द दिला, तेव्हा ९ ही गेले आणि ५ ही गेले.

म्हणून दवाखान्यात गेल्यावर डॉक्टरांना पाच गोष्टी सांगा आणि कागदावर आल्या का ते तिथेच पाहा.

पहिली, हात कोणता, उजवा की डावा. आणि माणूस कामाला कोणता हात वापरतो. दुसरी, बोटाचे नाव. "दुसरे बोट" असे कधीही लिहून घेऊ नका. कुणी अंगठ्यापासून मोजतो, कुणी तर्जनीपासून. एकाचे दुसरे बोट ते दुसऱ्याचे पहिले. अंगठा, तर्जनी, मधले, अनामिका, करंगळी असे नावानेच लिहू द्या. तिसरी, पेर कोणते, नख गेले का, नखाखालची जागा फाटली का, हाड मोडले किंवा गेले का. डॉक्टरांनी एक्स-रे सांगितला तर टाळू नका आणि ती फिल्म जपून ठेवा. चौथी, कशाने झाले : कडबा कुट्टी, मळणीयंत्र, उसाचा चरक, विळा, गाडीचे जू, जे असेल ते. पाचवी, केव्हा आणि कुठे : तारीख, वेळ, कुणाच्या शेतात, कोणते काम करताना.

हे सांगताना अवघडू नका. डॉक्टर गर्दीत असतात, विचारायचे राहून जाते. आपण नीट सांगितले तर चांगला डॉक्टर नीटच लिहितो. सगळे कागद आणि त्यांची एक झेरॉक्स सातबारा ठेवता त्याच पिशवीत ठेवा.

पोलिसांच्या भीतीबद्दलही बोलू, कारण खोटे बोलण्याचे मूळ तिथेच आहे. डॉक्टरांना आवश्यक वाटले तर ते पोलिसांना कळवतात. कळवले म्हणजे कुणावर गुन्हा लागला असे नव्हे, ती नोंद असते. पोलिसांची वाट पाहत जखमीवरचे उपचार थांबवता येत नाहीत, हे सर्वोच्च न्यायालयाने १९८९ साली स्पष्ट केले आहे. खरे सांगितल्याने दवाखान्याचे दार बंद होत नाही.

मालक असलेल्या बंधूंना वाटेल, साहेब आज आमच्या विरोधात बोलतात. तसे नाही. तुम्ही आज मालक आहात. उद्या तुमचाच मुलगा दुसऱ्याच्या हार्वेस्टरवर किंवा साखर कारखान्यात कामाला असेल, तेव्हा त्याचा कागद खरा असावा असे तुम्हाला वाटेलच. यंत्रावर मजूर लावता, तर त्याच्या भरपाईची विमा पॉलिसी मिळते, तिची चौकशी करा. आणि तुमच्या स्वतःच्या घरासाठी गोपीनाथ मुंडे शेतकरी अपघात सुरक्षा सानुग्रह अनुदान योजना २०२३ पासून आहे. अपघाती मृत्यू झाल्यास किंवा दोन अवयव निकामी झाल्यास दोन लाख, एक डोळा किंवा एक अवयव निकामी झाल्यास एक लाख, अशी तिची भाषा आहे. एकट्या बोटाला त्यात आधार मिळेल असे धरून चालू नका. पण इजा मोठी असेल तर उशीर न करता तालुका कृषी अधिकाऱ्यांच्या कार्यालयात जा. तिथेही पहिला प्रश्न दवाखान्याच्या कागदाचाच येतो.

कागदाआधी बोट, हेही खरे. म्हणून माय-भगिनींनो, हे तुम्ही विशेष ध्यानात घ्या, कारण घरात पहिली धावपळ तुमचीच होते. जखमेवर स्वच्छ फडके घट्ट दाबून धरा आणि हात वर धरा. दोरीने करकचून आवळू नका. बोटात अंगठी किंवा वळे असेल तर सूज चढण्याआधी काढा. हळद, तंबाखू, चुना, रॉकेल, शेण यांतले काहीही जखमेत भरू नका. लोंबणारे नख ओढून काढू नका. खालच्या कोवळ्या जागेला ते झाकण असते. पुरते नख गेलेच तर ते महिन्याला सुमारे ३ मिलिमीटर वाढते, पुन्हा यायला सहाएक महिने लागतात. दारात बोट सापडून मुलाचे नख काळेनिळे झाले आणि ठणका थांबेना, तर घरी सुई तापवून टोचू नका, दाखवायला न्या. धनुर्वाताचे इंजेक्शन शेवटचे केव्हा घेतले ते डॉक्टरांना सांगा.

बोट तुटून वेगळे झाले तर यंत्र बंद करून आधी ते शोधा. स्वच्छ पाण्याने धुऊन, ओल्या स्वच्छ कपड्यात गुंडाळून प्लॅस्टिकच्या पिशवीत घाला, पिशवीचे तोंड बांधा, आणि ती पिशवी बर्फ घातलेल्या पाण्यात ठेवून सोबत न्या. बर्फ थेट बोटाला लागू देऊ नका. जोडता येईल की नाही ते डॉक्टर ठरवतील. ते कुट्टीच्या ढिगात टाकून आपण आधीच ठरवू नये.

आणखी एक गोष्ट कागद करतो, ती एका घरापुरती नाही. उत्तरेकडे गव्हाच्या मळणीयंत्रांत हात जाऊ लागले, त्याचा बोभाटा झाला, तेव्हा १९८३ साली केंद्र सरकारने धोकादायक यंत्रांचे नियमन करणारा कायदा केला. तो मुख्यतः मळणीयंत्रासाठीच होता. पेंढी सारायची पन्हळ निदान ९० सेंटीमीटर लांब आणि त्यातली ४५ सेंटीमीटर झाकलेली असावी, हे माप त्याच काळजीतून आले. हात आत पोचूच नये यासाठी. दिल्लीच्या आय.आय.टी.तील दिनेश मोहन आणि राजेश पटेल यांनी गावांतल्या शेतीच्या इजांचा अभ्यास केला आणि त्यावरून कडबा कुट्टी अधिक सुरक्षित कशी करता येईल ते सुचवले. त्यांचा लेख १९९२ साली प्रसिद्ध झाला. आधी मोजणी, मग उपाय. मोजल्याशिवाय यंत्र बनवणाऱ्याला कुणी जाब विचारत नाही. तुमच्या गावातली चार बोटे "पडल्यामुळे" गेली असे कागद सांगत असतील, तर कुट्टीला जाळी हवी असे कुणाला वाटणार?

तोवर आपल्या हातात आहे ते करा. कुट्टीच्या चाकाला आणि पात्यांना झाकण बसवा. सारायच्या तोंडाशी लांब पन्हळ ठेवा. घास अडकला तर हाताने ढकलू नका, आधी मोटारीचे बटण बंद करा, चाक पुरते थांबू द्या. सैल बाहीचा सदरा, पदर, कडे-बांगड्या सांभाळा. काम झाल्यावर चाकाला खुंटी घालून कुलूप लावा, कारण हाताने फिरणारे चाक लहान मुलांना खेळणे वाटते. दिवस मावळल्यावर, झोप अनावर झाल्यावर किंवा घोटभर घेऊन यंत्रावर जाऊ नका.

त्या गड्याची आणि माझी मध्यंतरी बाजारात गाठ पडली. आता त्याचा मुलगा ट्रॅक्टर चालवतो. त्याने उजवाच हात पुढे करून राम राम केला. ते आखूड बोट माझ्या तळहाताला लागले. मी म्हणालो, "दादा, त्या दिवशी मी चुकीचं सांगितलं." तो म्हणाला, "मग आता बाकीच्यांना बरोबर सांगा, साहेब."

तेवढ्यासाठी आजचा हा लेख. गोठ्याच्या भिंतीवर, यंत्राच्या बटणाशेजारी, कोळशाने पाच शब्द लिहून ठेवा : हात, बोट, पेर, कशाने, केव्हा. त्यांची गरज कुणाला न पडो. पडली तर मात्र कागद खरे बोलू द्या.

पुढच्या अंकी उन्हाळी चाऱ्याबद्दल बोलू. राम राम.